निवटीवर राज्य

लग्नाच्या पंगतीत शेजारचा पाहुणा हमखास विचारतो, "आपण काय करता?" मी सांगायचो, "लहान मुलं तयार करतो." पाहुणा माझ्या बायकोकडे बघायचा, बायको पानातल्या मिठाकडे बघायची, आणि जिलबी येईपर्यंत आमच्या बाजूला शांतता असायची. पुढे पुढे बायको माझ्या पंक्तीला बसेनाशी झाली.

खोटं मात्र मी बोलत नव्हतो. डहाणूत, चिकूची खोकी ठेवायच्या एका गोदामाच्या माळ्यावर बसून मी कॉम्प्युटरच्या खेळांतली लहान मुलं बनवत होतो. खाली चिकू पिकायचे, वर माझी मुलं. चिकू वेळेवर पिकायचे.

माझा मूळ धंदा पाट्या रंगवायचा. डहाणू, घोलवडपासून तलासरीपर्यंत दुकानांच्या पाट्या, शाळांच्या भिंतींवरचे सुविचार आणि नरपडच्या होड्यांवरची नावं माझ्या हातची. एका दवाखान्याच्या पाटीवर मी हौसेनं मोठा हसरा दात काढला होता, आणि डॉक्टर डोळ्यांचे होते. अशा माणसाला फ्लेक्सच्या जमान्यात कोण विचारणार? होड्या तेवढ्या राहिल्या. होडीला फ्लेक्स चिकटत नाही.

आमचा पालघर जिल्हा नवा झाला त्याच वर्षी, म्हणजे २०१४ साली, माझ्या घरमालकाचा मुलगा हितेश मुंबईची नोकरी सोडून परत आला. तिथे तो एका मोठ्या कंपनीत प्रोग्रॅम लिहायचा. घरी त्यानं सांगितलं की आता तो खेळ बनवणार. त्याच्या वडिलांना वाटलं पत्ते. माझ्या खोलीत येऊन भिंतीवरची चित्रं बघत तो आपल्या गुजराती वळणाच्या मराठीत म्हणाला, "पेंटरभाय, तू चित्रं काढ, गोष्ट लिही. बाकी मी बघतो ने." मी विचारलं, "बाकी म्हणजे काय?" तो म्हणाला, "सगळंच." मला ही वाटणी बरी वाटली.

ज्यांनी हे खेळ पाहिले नाहीत त्यांच्यासाठी सांगतो. रोल-प्लेइंग गेम म्हणजे ज्यात खेळणारा एक पात्र होतो. त्या पात्राला घेऊन तो एका जगात फिरतो, माणसांना भेटतो, त्यांची कामं करतो, संकटांतून जातो, वाटेत सोबती मिळवतो. निम्मी कादंबरी, निम्मा सारीपाट. आणि इंडी म्हणजे मोठ्या कंपनीशिवाय दोन-चार जणांनी हिमतीवर केलेला. आमच्याकडे त्या 'दोन-चार'मधले दोनच होते.

आमच्या खेळाचं नाव 'खाजण'. भरतीचं पाणी आत शिरून चिखल होतो ती किनाऱ्याची सखल जमीन म्हणजे खाजण. गोष्ट साधी: एक तेलवाला कंदील घेऊन खाजणातून दीपगृहाकडे निघालाय, कारण तिथला दिवा विझत आलाय. वाटेत चकवे. चकवा म्हणजे वाट चुकवणारं भूत, हे आपल्याकडे पोराटोरांनाही ठाऊक असतं. आणि तेलवाल्याला चिखलातली वाट दाखवायला एक लहान मूल. मोठ्या माणसाचा पाय रुततो तिथे हलकं पोर तरंगून जातं. या मुलीचं नाव मी निवटी ठेवलं. निवटी हा खाजणातला बोटभर मासा. पाणी गेलं तरी चिखलावर उड्या मारत फिरतो.

नाव उत्तम जमलं. मूल जमेना.

पहिली निवटी मी कशी केली? तेलवाल्याचं चित्र घेतलं, निम्मं लहान केलं, मिशी पुसली, परकर घातला. हितेशनं पडद्यावर तिला चालवून पाहिलं. मग म्हणाला, "ही इन्कम टॅक्सवाली वाटते." चित्रकलेच्या परीक्षेत शिकलेलं मी विसरलो होतो: मोठ्या माणसाची उंची त्याच्या डोक्याच्या साडेसातपट, लहान मुलाची जेमतेम पाचपट. मूल म्हणजे छोटा माणूस नाही, निराळा प्राणी आहे.

डोकं मोठं केलं. मग तिच्या तोंडी वाक्यं घातली. वाक्यं मी सुविचारांच्या भिंतीवर घालायचो तशीच घातली. "हे पांथस्था, पुढे धोका आहे. धीर सोडू नकोस." ही निवटी घेऊन आम्ही तलासरीच्या एका शाळेत गेलो. गुरुजी ओळखीचे, भिंत मीच रंगवलेली. कॉम्प्युटरच्या खोलीत पोरं गोळा झाली, तेलवाला चालू लागला, वडाखाली उभी असलेली निवटी आपलं वाक्य बोलली. पोरांनी तिला एकदा पाहिलं आणि मुकाट्यानं तिला वळसा घालून पुढे गेली. परत आली तेव्हाही ती तिथेच उभी, तेच वाक्य.

मागच्या बाकावरच्या एका मुलीनं विचारलं, "सर, हिला कोणी उभं राहायची शिक्षा केलीय का?"

दुसरा म्हणाला, "शूला पण जात नाय."

डहाणूला परत येताना हितेश गाडी चालवत होता आणि मध्येच खांदे हलवून हसत होता. मी खिडकीबाहेर बघत होतो. मग तो म्हणाला, "पेंटरभाय, तू लहान पोरगं शेवटचं नीट बघितलं कधी?" मी म्हटलं, "रोज बघतो." तो म्हणाला, "बघतो ने, की ओलांडून जातो?"

म्हणून मी नरपडच्या किनाऱ्यावर जाऊन बसू लागलो.

मोठा बाप्या वाळूत बसून दुसऱ्यांची पोरं बघतोय हे दृश्य कुठल्याही गावात चांगलं दिसत नाही. दमयंतीनं पहिल्याच संध्याकाळी हटकलं. दमयंती म्हणजे आमच्या घरी मासळी घालणारी. नवऱ्याची होडी, तिची पाटी आणि तिचंच तोंड. बांबूच्या दांड्यांवर बोंबील सुकत टाकता टाकता ती म्हणाली, "काय पेंटर, होडी रंगवायची सोडून पोरांकडे काय टक लावलीय?"

मी सगळं समजावलं. खेळ, पात्र, निवटी, चाल.

"म्हणजे पोरं कशी चालतात ते बघायला आलात. तुम्हाला दोन पोरं हायत ना घरी?"

"ती आता मोठी झाली."

"लहान होती तवा काय करत होता?"

"पाट्या रंगवत होतो."

तिनं एक काठी माझ्या हातात दिली. "बसा. पण फुकट नाय. कावळे हाकला."

त्या दिवसापासून मी नरपडच्या वाळूत कावळे हाकत बसायचो आणि पोरं बघायचो. पोरं मला पेंटरकाका म्हणायची आणि लवकरच विसरली की मी तिथे आहे. मला हेच हवं होतं.

त्यांचा रोजचा खेळ डबा ऐसपैस. एकानं डबा दूर भिरकावायचा. ज्याच्यावर राज्य आहे त्यानं धावत जाऊन तो आणून रिंगणात ठेवायचा. तोवर बाकीच्यांनी होड्यांआड, जाळ्यांच्या ढिगाआड, सुरूच्या झाडांआड लपायचं. दिसला की त्याचं नाव घेऊन "डबा ऐसपैस" म्हणत डब्यावर आपटायचं. पहिलं नाव ज्याचं निघेल त्याच्यावर पुढचं राज्य. या टोळीचा नायक जिगर, दमयंतीच्या बहिणीचा मुलगा, आवाज फुटत आलेला. आणि टोळीतला कच्चा लिंबू म्हणजे दमयंतीची भाविका.

कच्चा लिंबू कोण हे मराठी वाचकाला सांगायला नको, पण माझ्या धंद्यापुरतं सांगतो: जो लहान आहे म्हणून खेळात घेतलेला असतो, पण ज्याचं काही मोजलं जात नाही. तो लपतो, पण त्याचं नाव कुणी घेत नाही. त्यानं डबा उडवला तरी राज्यवाला हसून परत ठेवतो. सहसा मूल वर्षभरात या पदावरून वर चढतं. भाविका चढली नव्हती. आदल्या वर्षी तिला टायफॉइड झाला होता, केस गळून नव्यानं आले होते, आणि दमयंतीनं जिगरकडून वचन घेतलं होतं की हिला पळवायचं नाही, हिच्यावर राज्य द्यायचं नाही. तिच्या बरोबरीची पोरं कधीच पक्की झाली होती. तिच्याहून लहान एक तर तिच्यावरच हसायचा.

आणि ही मुलगी लपायची मात्र सगळ्यांत मन लावून. एकदा ती मी रंगवलेल्या होडीच्या पोटाखाली, वाळू उकरून शिरली. डाव संपला, दुसरा झाला, पोरं चहाला घरी गेली. बऱ्याच वेळानं होडीखालून एक डोकं बाहेर आलं.

"संपलं?"

"संपलं," मी म्हटलं.

"मी सापडले नाय."

"नाही ना. भारी लपलीस."

तिनं फ्रॉकवरची वाळू झटकली. "कोण शोधतच नव्हतं," ती म्हणाली आणि घरी चालू लागली.

ती चालू लागली तेव्हा मी पहिल्यांदा नीट बघितलं. वाटेतल्या प्रत्येक गोष्टीला ती हात लावत जात होती. बांबूला, होडीच्या कडेला, दोरीला, कुत्र्याच्या पाठीला. न बघता, मोजल्यासारखी; जणू सगळं जागच्या जागी आहे ना याची तिच्यावर जबाबदारी आहे. मी काठी टाकली, खिशातल्या कागदावर काढत सुटलो. चाल म्हणजे आमच्या धंद्यात आठ चित्रं. ती एकामागून एक दाखवली की पात्र चालतं. मी आठ चित्रं काढली. नववं हाताचं.

हितेश वैतागला. "प्रत्येक झाडाला हात लावणार? प्रत्येक खांबाला? मला सगळं पुन्हा लिहायला लागेल, माहीत आहे ने?" पण लिहिलं त्यानं. संध्याकाळी त्यानं पडद्यावर सुरू केलं. निवटी खाजणातून चालू लागली आणि वाटेतल्या खुंटाला, वेलीला, पडक्या होडीला हात लावत गेली. तेलवाला थांबला तर तीही थांबली, आणि त्याच्या कंदिलालाही एकदा हात लावून घेतला.

मी आयुष्यात पुष्कळ चित्रं काढली, पण चित्र माझ्याकडे लक्ष न देता आपलं काम करतंय हे तोवर पाहिलं नव्हतं. माळ्यावर कुणीतरी लहान आलंय, आणि आपण हळू बोलायला हवं, असं वाटलं. हितेश खरोखरच हळू बोलला: "पेंटरभाय, आली रे."

आणि ती आल्याबरोबर खरी पंचाईत सुरू झाली.

खेळात चकवा सोबत्याला शिवला की सोबती पडतो, म्हणजे मरतोच. तसं आधी ठरलेलंच होतं. पण चकवा निवटीला पहिल्यांदा शिवला, ती मी काढलेल्या तीन चित्रांत चिखलात पडली, आणि हितेशनं कॉम्प्युटरचं बटण दाबून सगळं बंद केलं. "हे मी ठेवणार नाही," तो म्हणाला. मलाही नको होतं. इन्कम टॅक्सवाली पडली असती तर चाललं असतं. मग आम्ही दयाळूपणा केला: निवटीला कुणीच काही करू शकणार नाही. चकवे तिला शिवणारच नाहीत.

गावातली कॉलेजची पोरं खेळून बघायला यायची. त्यांना हा दयाळूपणा दुसऱ्याच मिनिटाला कळला. त्यांनी निवटीला पुढे केलं आणि तेलवाला तिच्या मागे दडवला. मगर आली, निवटी पुढे. चकव्यांची टोळी आली, निवटी पुढे. एक पोरगा तर चहा पीत एका हातानं खेळत होता. "काका, मस्त ढाल बनवलीय." मी नऊ चित्रांत जिवंत केलेली ती पोर, वाटेतल्या खुंटांना हात लावत, निमूटपणे मगरीच्या तोंडासमोर उभी राहत होती.

पडू द्यावी तर बघवत नाही, पडू न द्यावी तर ढाल होते. यावर आम्ही दोघांनी इतकं डोकं खाजवलं की खालचे चिकूवाले विचारायला आले, वर उवा झाल्यात का?

उत्तर नरपडच्या वाळूत मिळालं, मी न शोधता. जिगरवर राज्य होतं. भाविका जाळ्यांच्या ढिगाशी उकिडवी बसली होती. एक चलाख पोरगा तिच्या मागे, तिच्या सावलीत जाऊन बसला. युक्ती पक्की होती: कच्च्या लिंबाकडे राज्यवाला बघतच नाही, मग त्याच्या मागचाही दिसत नाही. मी मनात म्हटलं, हा पुढे कॉलेजात जाणार आणि आमचा खेळ खेळणार.

जिगरला तो दिसला. त्यानं नाव घेतलं नाही, डबा आपटला नाही. खेळच थांबवला.

"लिंबाच्या मागे लपलास. राज्य घे."

पोरगा उठला. वाद नाही, रडारड नाही, "पण" सुद्धा नाही. सरळ जाऊन त्यानं राज्य घेतलं. मी जिगरला नंतर विचारलं, हा नियम कुणी केला? त्यानं माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी विचारलंय समुद्र कुणी केला. "असतोच ना, काका. तिला कोण काय करत नाय, म्हणून तिच्या आड लपायचं नाय."

त्या वेळी कावळे बोंबलांवर उतरलेले मला दिसले नाहीत. दमयंतीचा आवाज ऐकू आला तोवर एक दांडी साफ झाली होती. त्या संध्याकाळी मी खाल्लेल्या शिव्यांतही मला आनंद होता. आम्ही दोन शिकलेले बाप्ये माळ्यावर बसून ज्यासाठी डोकं फोडत होतो, ते त्या वाळूत कुणीतरी फार पूर्वी ठरवून ठेवलं होतं, आणि पोरं ते एकमेकांना न शिकवता शिकवत आली होती.

हितेशनं तो नियम तसाच लिहिला. निवटीच्या आड लपलं की तेलवाल्याचा कंदील मंदावतो आणि चकवा थेट त्याच्यावर येतो. कॉलेजची पोरं आली, लपली, हरली. चहावाला पोरगा क्षणभर पडद्याकडे बघून म्हणाला, "हां, लिंबाच्या मागे. बरोबर आहे." आणि कप बाजूला ठेवून दोन्ही हातांनी खेळू लागला.

आता माझी छाती गोदामात मावेना. हा पराक्रम जिच्यामुळे घडला तिला दाखवावा म्हणून मी मोबाइलवर खेळ घालून नरपडला गेलो. २०१७ साल असावं; तोवर सगळ्यांच्या हातात मोबाइल आले होते. होडीच्या सावलीत भाविकाच्या हातात तो दिला.

ती निवटीकडे बघत राहिली. निवटीनं खुंटाला हात लावला. भाविकानं मोबाइल धरलेल्या हाताचं एक बोट सोडून होडीला लावलं. तिच्या लक्षातही आलं नसावं. मग हसली. मग चकवे आले, निवटीच्या आजूबाजूनं, तिला न बघता निघून गेले. एकदा. दोनदा. हसणं थांबलं.

"हिला पण कोण धरत नाय?"

"नाही ना," मी अभिमानानं म्हटलं. "हिला कोणीच काही करू शकत नाही."

"म्हणजे ही पण कच्चा लिंबू."

"हो. तुझ्यासारखी."

आयुष्यात मी डोळ्यांच्या डॉक्टरला दात काढून दिला, पण एवढी चुकीची पाटी कधी रंगवली नव्हती. तिनं मोबाइल माझ्या मांडीवर ठेवला.

"हिला आउट करा."

"अगं, पण मग ती पडेल."

"पडंल कशाला? आउट म्हणजे काय मरतात?" तिला माझी खरंच कीव आली असावी. "आउट म्हणजे बाजूला बसायचं. मग दुसऱ्या डावाला उठायचं."

ज्यानं आयुष्यात कधी डबा ऐसपैस खेळलेला नाही अशा माणसासारखा मी तिच्याकडे बघत बसलो. आम्ही मोठ्यांनी आउट होणं म्हणजे मरणं असं धरून चाललो होतो, आणि मग त्या मरणापासून तिला वाचवण्यात एवढे गुंतलो की तिचं नावच खेळातून काढून टाकलं.

ती उठली आणि जाता जाता म्हणाली, "तुमी मला न विचारता गेममध्ये घेतलं. आता आईला सांगा, मला पक्की कर."

हितेशनं या वेळी तक्रार केली नाही. चकव्याला आम्ही आवाज दिला. जो दिसेल त्याचं तो नाव घेतो, आणि नाव निघालं की त्यानं बाजूला बसायचं. कंदील पुढच्या खांबाला पोचला की नवा डाव, सगळे उठतात. निवटीचं बसणं मी नव्यानं काढलं: गुडघे पोटाशी, हनुवटी गुडघ्यावर, एका बोटानं चिखलात रेघोट्या, आणि मध्येच मान वर करून तेलवाल्याला, "उजवीकडून जा ना, येडा." 'हे पांथस्था' गेलं.

आता राहिली दमयंती. मी नेमका बाजाराच्या सकाळी, गिऱ्हाइकांच्या गर्दीत तिच्या पाटीपुढे उभा राहिलो आणि भाषण सुरू केलं. बालपण, आत्मविश्वास, वगैरे.

"पेंटर, बोंबील घ्यायचेत का निवडणुकीला उभे हाय?"

गिऱ्हाइकं हसली. मी म्हटलं, भाविकाला पक्की होऊ दे. तिचं हसू गेलं. हातातला कोयता खाली ठेवून ती म्हणाली, "राज्य आलं का डब्यामागे पळावं लागतं. तिचा ताप तुमी नाय बघितला."

मला दुसरं काही सुचेना म्हणून मोबाइल तिच्यासमोर धरला. ही चाल कुणाची ते मी सांगितलं नव्हतं. पडद्यावर बोटभर पोर, अंगात भाविकानं कधी न घातलेला परकर, चेहरा जेमतेम चार ठिपक्यांचा. ती चिखलातून चालली, खुंटाला हात लावला, वेलीला लावला.

"ही आमची भावी," दमयंती म्हणाली.

चकव्यानं हाक मारली, "निवटी!" निवटी बाजूला जाऊन गुडघे पोटाशी घेऊन बसली. दमयंतीनं ओला हात लुगड्याला पुसला आणि मोबाइल स्वतःच्या हातात घेतला.

"तापात अशीच बसायची ओटीवर," ती म्हणाली. "हाका मारल्या तरी उठायची नाय."

कंदील खांबाला पोचला. निवटी उठली, परकर झटकला आणि पुढे पळाली.

"परत दाखवा."

परत दाखवलं. मागे एक बाई पापलेटचा भाव विचारत होती, तिला कुणी उत्तर दिलं नाही.

"दर वेळी उठते?"

"दर वेळी. हितेशनं तसं लिहिलंय."

"माझ्या पोरीचं कोणी लिहिलंय?"

सुविचारांच्या शंभर भिंती रंगवलेला माणूस मी, एकही आठवला नाही. तिनं मोबाइल परत दिला, बोंबील बांधून दिले आणि पापलेटवालीकडे वळली. मी माघारी आलो. मोबाइलला आठवडाभर बोंबलाचा वास येत होता. हितेश तो लांबूनच बघायचा.

'खाजण' आम्ही पुढच्या वर्षी बाहेर काढला. जगाचं काही अडलं होतं असं दिसलं नाही. कुठल्या कुठल्या गावांतून, देशांतून लोकांनी लिहिलं. बहुतेकांनी विचारलं की ती मुलगी सगळ्याला हात का लावते. २०१९ ला हितेशला पुन्हा शहरात नोकरी धरावी लागली आणि माळ्यावर पुन्हा चिकूची खोकी आली. मी होड्यांकडे परतलो. मला आणखी मुलं करायची होती. एक घोलवडच्या वाडीत राखण करणारं डोक्यात होतं, ते डोक्यातच राहिलं. पण एक संध्याकाळ मला मिळाली, ती सांगतो.

बाजारातल्या त्या भाषणानंतर मी नरपडला जायला कचरत होतो. अखेर एका होडीचं नाव फिकं पडलंय अशी सबब काढून गेलो. माझ्या नेहमीच्या जागी, बोंबलांच्या दांड्यांपाशी, काठी घेऊन दमयंती बसली होती. मला बघून तिनं ओळख दिली नाही. मी होडीआड डबा उघडून रंग ढवळू लागलो.

पोरं जमली. दमयंतीनं जिगरला हाक मारली.

"जिगर, आज तिला पण धरा."

जिगर गोंधळला. "मावशी, राज्य आलं तर?"

"येऊ दे. मी बसलेय इथं."

डबा उडाला, पोरं पांगली, आणि भाविका माझ्या समोरच्या होडीआड गेली, सगळ्यांना माहीत असलेल्या जागी. इतकी वर्षं एवढं कसून लपणारी मुलगी, त्या दिवशी अर्धी बाहेर होती.

राज्य त्या चलाख पोराचं होतं. तो डबा ठेवून वळला आणि त्याला ती दिसली. सवयीनं त्यानं मान फिरवली. मग थांबला. होड्यांमागून सगळी टोळी डोकी काढून बघत होती. मी ब्रश हवेत धरून होतो, रंग कोपरावर ओघळत होता.

"भाविका, डबा ऐसपैस."

मला वाटलं होतं ती नाचेल. ती नाचली नाही, हसलीही नाही. होडीमागून बाहेर आली, वाटेतल्या प्रत्येक बांबूला हात लावत रिंगणापर्यंत गेली, आणि गुडघे पोटाशी घेऊन बाजूला बसली. पोरं एकेक सापडत होती, गलका करत होती. ती बोटानं वाळूत रेघोट्या काढत होती. देवळात बसलेली माणसं मी पाहिली आहेत. त्यांचीही एवढी तंद्री लागत नाही.

पहिलं नाव तिचं, म्हणून राज्य तिच्यावर. जिगरनं डबा उचलला. मला वाटलं हळूच टाकेल. त्या पोरानं अंग पिळून तो पार ओहोटीच्या ओल्या वाळूपर्यंत भिरकावला. भाविकानं एकदा आईकडे पाहिलं. दमयंती कावळ्यांकडे बघत होती, आणि कावळा एकही नव्हता.

भाविका पळाली. जाताना पळाली, येताना डबा छातीशी धरून पळाली. श्वास लागलेला मला होडीआडून ऐकू येत होता. रिंगणात डबा ठेवून, कमरेवर हात देऊन तिनं चारी बाजूंना पाहिलं. सुरूची झाडं, जाळी, होड्या. लपलेली पोरं एकही दिसत नव्हती. मग तिची नजर माझ्या होडीपाशी येऊन थांबली.

तीन वर्षं मी त्या वाळूत बसत होतो. मला कुणी कधी मोजलं नव्हतं.

"पेंटरकाका, डबा ऐसपैस."

मी म्हणणार होतो की मी खेळत नाही, मी फक्त रंग देतोय. तेवढ्यात दांड्यांकडून आवाज आला.

"ऐकू आलं ना, पेंटर? पहिलं नाव तुमचं हाय."

मी ब्रश डब्यावर आडवा ठेवला आणि जाऊन बाजूला बसलो.